हवालदारसाहेब, राजीनामा अजून देऊ नका

ताई,

माझं वय ४६. कोल्हापुरात शिवाजी पेठेत राहतो. एका पतसंस्थेत १९ वर्षं क्लार्क आहे, पगार हातात २९ हजार येतो. नाटकाचं वेड शाळेपासूनचं. राज्य नाट्य स्पर्धेत केशवराव भोसले नाट्यगृहाच्या स्टेजवर उभा राहिलो आणि तिथनंच कुणीतरी शूटिंगला नेलं. तेव्हापासून रजा टाकून टाकून ३१ कामं केली. चित्रपट, मालिका, दोन वेबसिरीज. परवा मोजून बघितलं, त्यात २२ वेळा अंगावर खाकी आहे. हवालदार, जमादार, एकदा फौजदार. उरलेल्यात तलाठी, नवरीचा मामा, असलंच काहीबाही आणि एक मयत. रस्त्यात माणसं थांबवतात, 'तुम्हाला कुठंतरी बघितलंय' म्हणतात, पण नाव एकालाही सांगता येत नाही. बायको म्हणते, तुमचं नाव येईस्तोवर लोकांनी चॅनेल बदललेलं असतंय.

आता ठाण्यात शूटिंग असलेल्या एका नव्या मालिकेत हिरोच्या मामाचं काम आलंय. दिवसाला ४ हजार, महिन्याला १२ दिवस देतो म्हणालेत. नोकरी सांभाळून हे जमणार नाही. मुलगी बारावीला आहे, बायको शिवणकाम करते. राजीनामा लिहून खिशात ठेवलाय. देऊ का? आणि दुसरं खरं खरं सांगा. आयुष्य हिरोच्या मागं उभं राहण्यात गेलं. ह्याला करिअर म्हणायचं का?

– एक हवालदार, शिवाजी पेठ

*

हवालदारसाहेब,

'एक मयत' वाचून मी मोठ्यानं हसले आणि लगेच गप्पही झाले. मयताचं काम काय असतं ते मला ठाऊक आहे. नाकात कापूस घालून चार तास पडायचं, वर माश्या, उरावर हाराचं ओझं, आणि शेजारी हिरॉईनचं रडणं तिसऱ्यांदा रिटेकला गेलेलं. ज्याचं पोट हलत नाही असा माणूस शोधायला आम्हाला घाम फुटायचा. तेव्हा ते काम यादीत शेवटी लिहू नका.

मी कॅमेऱ्याच्या पलीकडची. मुंबईत २२ वर्षं मालिकांवर सहायक दिग्दर्शक होते. आधी कंटिन्युटी लिहायचे, म्हणजे कुणी काय कुठल्या हातात धरलं होतं ते पुढच्या शॉटसाठी वहीत टिपून ठेवायचं, नंतर शेड्यूल लावायला लागले. रात्री अकराला उद्याचे कॉल टाइम, म्हणजे कुणी किती वाजता सेटवर यायचं ते, पाठवणारी जी बाई असते ना, ती मी. कुणाला बोलवायचं आणि कुणाला गाळायचं ह्याच्या याद्या माझ्या हातून गेल्यात. आता कळंब्याला घर करून राहिलेय आणि तुमच्यासारख्यांची पत्रं वाचते.

आधी राजीनाम्याचं बघू.

४ हजार गुणिले १२ म्हणजे ४८ हजार. पगारापेक्षा १९ हजारांनी जास्त. तुम्ही घरी हाच हिशेब मांडला असणार, आणि म्हणूनच कागद खिशात गेला. आता तोच हिशेब मी मांडते. ४८ मधून १० टक्के टीडीएस जाईल, ४,८००. विवरणपत्र भरलंत तर ते परत मिळतील, पण पुढच्या वर्षी. ज्या को-ऑर्डिनेटरनं काम आणलं त्याचं कमिशन १० टक्केच धरते, आणखी ४,८००. राहिले ३८,४००. शूटिंग घोडबंदर रोडच्या बाजूला असणार, म्हणजे तिकडंच कुठंतरी तिघांत मिळून खोली, दोन वेळची खानावळ, रिक्षा, महिन्यातनं दोनदा महालक्ष्मी एक्स्प्रेस. हात आखडून राहिलात तरी १८ हजार. शिवाजी पेठेत पोचले २०,४००. पैसे १२ दिवसांचे मिळणार, खोलीचं भाडं मात्र ३० दिवसांचं. बाहेरगावच्या नटाचं गणित इथंच बिघडतं. मुंबईचा नट उरलेले १८ दिवस स्वतःच्या घरी झोपतो.

आणि ते २०,४०० तरी कधी? मालिकांत पैसे ९० दिवसांनी द्यायची पद्धत आहे. जूनमध्ये केलेल्या कामाचं बिल जूनअखेर लागणार, पैसे सप्टेंबरअखेर. तोवर खोली-खानावळीचे चार महिन्यांचे ७२ हजार तुमच्या खिशातनं, आणि घरी पगार बंद. वहिनींच्या शिलाईवर चार महिने घर आणि बारावीचे क्लास. कर्जवाटपाच्या टेबलावर बसता ना? दुसऱ्या कुणाची अशी कागदपत्रं आली असती तर सही केली असतीत का?

राहिला प्रश्न १२ दिवसांचा. 'देतो म्हणालेत' असं तुम्ही लिहिलंय. कोण म्हणालं? को-ऑर्डिनेटर म्हणाला असेल तर त्याच्या हातात काही नसतं. प्रॉडक्शनवाला म्हणाला असेल तर तो खोटं बोलत नसेल, पण त्यालाही माहीत नसतं. मामाचे दिवस गुरुवारी ठरतात.

ह्या गुरुवारचं एक सांगते, माझ्या नावावरचं पाप आहे. एका मालिकेत हिरॉईनच्या माहेरी चार माणसं होती, त्यातले काका सांगलीकडचे एक गृहस्थ करायचे. वय तुमच्याएवढंच. चांगली कायमची नोकरी सोडून आलेले, बोरिवलीला डिपॉझिट भरून खोली घेतलेली. गुरुवारी टीआरपी येतो. सलग तीन गुरुवार तो खाली आला आणि वाहिनीकडनं निरोप आला, माहेर बंद करा. लेखकानं एका सीनमध्ये काकांना चारधामला धाडलं. मी त्यांना मेसेज टाकला, 'दादा, पुढच्या आठवड्यात तुमचा कॉल नाही.' पुढच्या आठवड्यात पुन्हा तोच मेसेज. तिसऱ्या आठवड्यात त्यांचाच फोन आला, 'ताई, काका चारधामवरनं कधी येणार?' मी म्हणाले, 'कळवते.' मला माहीत होतं, काका येणार नाहीत. ट्रॅक बंद झाला होता. तोंडावर सांगायची हिंमत झाली नाही. सेटवर असं कुणीच सांगत नाही. कुणाला काढून टाकत नाहीत, नुसतं बोलवत नाहीत. खोलीचं डिपॉझिट त्यांना पूर्ण परत मिळालं की नाही, हे मी कधी विचारलं नाही.

म्हणून राजीनामा नाही. सहा महिन्यांची बिनपगारी रजा मागा. पतसंस्थेचं संचालक मंडळ शेवटी आपल्यातलंच असतं. चेअरमनसाहेबांना मालिकेचं नाव सांगा, मामाचा फोटो दाखवा, उद्घाटनाला हिरोला आणतो असं मात्र सांगू नका, नंतर अंगाशी येतं. रजेत पीएफ आणि विम्याचं काय होणार हे लेखी घ्या. सहा महिने का? पहिले पैसेच चौथ्या महिन्यात येतात, आणि सहा महिन्यांत २६ गुरुवार येतात. २६ गुरुवार काढून मामा टिकला तर पुढचं बोलू.

रजा नाही मिळाली तर हा मामा सोडा. वाईट वाटेल. तरी सोडा. मुलगी बारावीला नसती आणि बँकेत वर्षभराचा खर्च बाजूला असता, तर मी वेगळं लिहिलं असतं.

रजा मिळाली, तर सही करण्याआधी चार गोष्टी कागदावर मागा. महिन्याला कमीत कमी इतके दिवसांचे पैसे मिळतील, मग बोलवा नाहीतर नका बोलवू. बारा कुणी लिहून देणार नाही, आठ मिळाले तरी घ्या. तारखा सलग लावा. चार-चार दिवसांचे तीन तुकडे मिळाले तर मधल्या दिवसांत घरी येता येतं आणि कदाचित खोलीही लागणार नाही. शिफ्ट १२ तासांवर गेली तर काय, आणि निघाल्यावर कॉल रद्द झाला तर काय. कराडच्या पुढं गाडी गेल्यावर 'आजचा कॉल कॅन्सल' असा मेसेज मी स्वतः लोकांना पाठवलाय. आणि दुसऱ्या वाहिनीवर काम करायचं नाही असं कलम असेल तर तेवढं खोडायला लावा. हिरोला ते कलम लावतात कारण त्याला महिनाभर काम देतात. आठ दिवस काम देणाऱ्यानं तीस दिवस बांधून ठेवायचं, हे कुठलं?

अखिल भारतीय मराठी चित्रपट महामंडळाचं मुख्य कार्यालय आपल्या गावात आहे. सभासद नसाल तर व्हा. पैसे थकले की एकट्याच्या फोनला कुणी धूप घालत नाही.

आता खाकीचं. तुम्ही तक्रारीच्या सुरात लिहिलंय, पण २२ वेळा तेच काम मिळणं ही नुसती तक्रारीची गोष्ट नाही. शेड्यूल लावणारीच्या बाजूनं बघा. सकाळी सातला सीन आहे, हवालदार पाहिजे, त्याला सॅल्यूट मारता आला पाहिजे, टोपी कुठल्या हातात धरायची हे शिकवायला वेळ नाही. तिथं तुमचं नाव आपोआप निघतं. छाप बसला की दार उघडतं. फक्त ते एकच दार.

आपल्याच कोल्हापूरच्या गणपत पाटलांचं बघा. तमाशापटातला नाच्या म्हटलं की आजही तेच डोळ्यांपुढं येतात. पडद्याबाहेर चारचौघांसारखा संसारी माणूस. पण त्या एका भूमिकेनं त्यांना नाव दिलं आणि बाकीच्या वाटा बंद केल्या. त्यांच्यात कमी काही नव्हतं. त्यांना दुसऱ्या कशात कुणी बघायलाच तयार नव्हतं.

निळू फुल्यांचं वेगळं झालं. पुण्यात लष्कराच्या वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम केलेला हा माणूस लोकनाट्यातनं १९६८ मध्ये सिनेमात आला आणि बघता बघता गावोगावचा खलनायक झाला. छाप बसला तो असा की बायका समोर आल्यावर पदर सावरायच्या, असं सांगतात. पण त्यांनी रंगभूमी सोडली नाही. पडद्यावर पाटील नि सरपंच चालू असतानाच १९७२ मध्ये तेंडुलकरांचा सखाराम बाइंडर त्यांनीच उभा केला. आणि १९७९ मध्ये जब्बार पटेलांना 'सिंहासन' सिनेमासाठी दिगू टिपणीस पाहिजे होता, सगळं बघणारा, कमी बोलणारा पत्रकार, तेव्हा तोही निळूभाऊंनीच केला. आता ह्यातलं नशीब किती आणि हुशारी किती, हे मी कोण सांगणार. पण त्यांचा दुसरा चेहरा लोकांना कुठंतरी बघायला मिळत होता, एवढं खरं.

तुमचा दुसरा चेहरा कुठं बघायला मिळतो? तुम्ही पाठवलेले फोटो बघितले. पाचपैकी चारांत खाकी आणि पाचव्यात लग्नातला फेटा. वर्षातनं एक तरी नाटक करा, ज्यात तुम्ही पोलीस नाही. केशवरावला ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री आग लागली तेव्हा अर्धं गाव रस्त्यावर उभं राहून रडलं. तुम्हीही तिथं असणार. पण जागा नाही म्हणून तालीम थांबवलीत असं व्हायला नको. तालमी शाळेच्या वर्गातही होतात, आपल्याकडं तर पत्र्याच्या शेडमध्ये झाल्यात.

आणि एक सेल्फ टेप करा. मोबाइल आडवा, मागं साधी भिंत, खिडकीचा उजेड तोंडावर. नाव, उंची, दोन्ही बाजूंचा चेहरा, मुक्काम कुठं ते. मग दोन मिनिटांचा तुकडा. संवाद कुठल्या सिनेमातले घेऊ नका. तुम्ही १९ वर्षं पतसंस्थेत आहात, साहेब! सोनेतारणाच्या काउंटरवर माणूस मंगळसूत्र कसा ठेवतो हे मुंबईतल्या एका तरी नटाला माहीत आहे का? मी एकदा असल्या काउंटरसमोर अर्धा तास बसले होते. एक बाई आल्या. रुमालाची गाठ सोडायला लागल्या, ती सुटेना, म्हणून दातानं ओढली. मंगळसूत्राची वाटी काउंटरवर ठेवली आणि लगेच नजर भिंतीवरच्या कॅलेंडरकडं. क्लार्कनंही त्यांच्याकडं न बघता वजनकाट्याकडं बघितलं. दोघांनी एकमेकांची लाज राखली. तो क्लार्क तुम्ही करा. कर्ज थकल्यावर दारात वसुलीला गेलेला आणि आत पोराचा वाढदिवस चालू आहे बघून परत फिरलेला माणूस करा. ह्यासाठी गणवेश लागत नाही आणि ह्या कामाला तुमच्याएवढा तयार माणूस दुसरा नाही.

भाषेचं थोडक्यात सांगते. तुमची बोली हीच तुमची भाकरी आहे, ती घासून गुळगुळीत करू नका. पण त्याच टेपमध्ये एक तुकडा प्रमाण मराठीत आणि एक हिंदीत टाका, नाहीतर 'गावाकडचे' ह्या खणात टाकून मोकळे होतील. आणि मुंबईचा लेखक प्रत्येक वाक्याच्या शेवटी 'न्हवं का' लावून देईल, तेव्हा सेटवर भांडू नका. तालमीत सहज बरोबर म्हणून दाखवा. दिग्दर्शकाला कान असेल तर तो ठेवतो.

आता तुमचा दुसरा प्रश्न. तो मी मुद्दाम मागं ठेवला.

माझ्या कंटिन्युटीच्या दिवसांतलं एक सांगते. मोठ्या घरातला जेवणाचा सीन, टेबलाभोवती नऊ माणसं. हिरॉईन घर सोडून जायचं जाहीर करते. टेबलाच्या टोकाला घरचे जुने डॉक्टर, सबंध सीनमध्ये एकच वाक्य, 'ताट वाढलंय, जेवून जा.' ते करणारे गृहस्थ साठीचे होते. मास्टर शॉटमध्ये, म्हणजे सगळं टेबल एकदम घेतात त्यात, त्यांनी काय केलं, तर हिरॉईन 'मी चालले' म्हणाली तेव्हा चष्मा काढला, 'चालले' ह्या शब्दावर, डाव्या हातानं. आणि तो ताटाच्या उजवीकडं ठेवला, काड्या वर करून. मी वहीत लिहून घेतलं. पुढं अडीच तास त्याच सीनचे शॉट चालले. कधी हिरॉईनचा क्लोज, कधी सासूचा, कधी हिरोच्या खांद्यावरनं घेतलेला. प्रत्येक वेळी 'चालले' शब्दावर डाव्या हातानं चष्मा, ताटाच्या उजवीकडं, काड्या वर. अकरा वेळा. शेवटच्या तीन शॉटमध्ये ते फ्रेममध्ये नव्हतेच, तरी समोर बसून क्यू देत होते, समोरच्या नटासाठी आपलं वाक्य पूर्ण जीव लावून म्हणत होते. हिरोनं मात्र पाण्याचा पेला पाच शॉटमध्ये पाच ठिकाणी ठेवला. एडिटवर काय झालं? हिरोचे तुकडे एकमेकांना जुळेनात. जिथं जिथं जुळेना तिथं तिथं एडिटरनं डॉक्टर लावले. एका वाक्याचा माणूस, आणि सीनमध्ये सात वेळा दिसला. पुढच्या महिन्याची यादी करताना मला कुणी काही सांगावं लागलं नाही. त्यांचं नाव मी आधी लिहिलं आणि मग बाकीची.

पडद्यावर त्यांचं नाव यायचं तेव्हा तुमच्या बायकोच्या म्हणण्याप्रमाणे लोकांनी चॅनेल बदललेलं असायचं. पण आमच्या धंद्यात ज्याला काम म्हणतात ते हेच. आणि ह्या कामाला मान द्यायला सरकारलाही वेळच लागला. राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत मुख्य अभिनेत्याचा पुरस्कार १९६७ च्या चित्रपटांपासून आहे, सहाय्यक अभिनेत्याचा १९८४ च्या चित्रपटांपासून. मधली १७ वर्षं मागं उभं राहणाऱ्यांसाठी त्या यादीत जागाच नव्हती.

ललिता पवार मुळात नायिका होत्या. १९४२ मध्ये शूटिंगमध्ये बसलेल्या थपडेनं चेहऱ्याला इजा झाली, डावा डोळा बारीक झाला तो कायमचा. नायिकेची कामं संपली. तिथनं पुढं सासू, आया, घरमालकीण, मंथरा. १९५९ च्या 'अनाडी'साठी त्यांना सहाय्यक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं, आणि १९८७ मध्ये दूरदर्शनवरच्या मंथरेला पोरंबाळं घाबरायची. सुलोचनादीदींचं तर कोल्हापूरला सांगायला नको. दिग्दर्शक भालजी पेंढारकरांच्या हाताखाली घडलेली नायिका, हिंदीत गेली आणि मोठमोठ्या हिरोंची आई झाली. ४ जून २०२३ ला त्या गेल्या तेव्हा लोक नायिकेसाठी नव्हे, आईसाठी हळहळले. तुमचं त्यांच्याएवढं होईल असं मी म्हणत नाही. बहुतेकांचं होत नाही. तुम्ही विचारलंत म्हणून सांगते की ह्या कामाला नाव आहे आणि त्यात मोठं होता येतं.

तुमच्यापुरतं विचाराल तर १९ वर्षांत ३१ कामं, आणि रजेच्या जिवावर. त्याला मी करिअर म्हणेन, पण अर्ध्या दिवसाचं. त्यात लाज वाटण्यासारखं काही नाही. तसं बघितलं तर कोल्हापूरचा नट एके काळी पगारी नोकरच होता. १९२९ मध्ये प्रभात फिल्म कंपनी इथं सुरू झाली, १९३३ ला पुण्याला गेली. त्या काळच्या कंपन्यांत नटांना महिन्याचा पगार असायचा. सकाळी कामावर जायचं, संध्याकाळी घरी यायचं. रोजंदारी नंतर आली. तुम्ही पगार एकीकडनं घेता आणि नटकाम दुसरीकडं करता, एवढाच फरक.

फक्त एक विचारते, उत्तर मला पाठवू नका. ह्या ३१ पैकी किती वेळा तुम्ही स्वतःचा शॉट झाल्यावर समोरच्याला क्यू द्यायला थांबलात, आणि किती वेळा 'माझं झालं' म्हणून चहाला गेलात? मामाचं काम घेतलंत तर पहिल्या आठवड्यात सेटवर कुणीतरी मुलगी वही घेऊन कोपऱ्यात बसलेली असेल. वयानं तुमच्या लेकीएवढी. तिच्याशी नीट वागा. गोड बोलायचं म्हणत नाही. ती 'सर, मागच्या शॉटला घड्याळ उजव्या हातात होतं' म्हणाली की निमूट बदला. उद्या तीच याद्या करणार आहे.

मिशीचं विचारायचं राहून जातं, म्हणून आत्ताच सांगते. मामाला मिशी आहे का? असेल तर हवालदाराची कामंही त्याच मिशीवर करता येतील, मधल्या दिवसांत मोरेवाडीला चित्रनगरीत काही लागलं तर घ्या. गुळगुळीत दाढी-मिशी पाहिजे म्हणाले तर तुमची २२ खाकी कामं मालिका चालेस्तोवर बंद, आणि तेवढे पैसे दिवसामागं वाढवून मागायला हरकत नाही. ४ चे साडेचार झाले तर मला कळवा.

आणि तो राजीनाम्याचा कागद खिशातनं काढून कपाटात कुलूपबंद ठेवा. शर्ट धुवायला टाकताना वहिनींच्या हाताला लागेल.